तीर्थरूपांना अकरा वेळा विहिरीत टाकल्याबद्दल

ती. बाबांच्या चरणी,

जावयाचा साष्टांग नमस्कार. (एरवी ‘साष्टांग’ लिहिणारा माणूस खुर्चीत रेलून बसलेला असतो, हे आपल्यालाही ठाऊक आहे. या खेपेस मी खरोखर फरशीवर बसून लिहितो आहे. घरात एकच बरी खुर्ची आहे, ती कंप्यूटरपुढे आहे आणि तिच्यावर बसायची मला लाज वाटते.) आपली प्रकृती कशी आहे? टाके निघाले असं कळलं. गुडघा काटकोनापर्यंत वाकतो का? जिना चढताना आधी चांगला पाय वर आणि उतरताना आधी ऑपरेशनचा पाय खाली, हे व्यायामाच्या बाईंनी सांगितलंच असेल. खरं तर हे मी आपल्या शेजारी काठी धरून उभा राहून सांगायचं होतं. तसं मी आपल्या मुलीसमोर कबूल केलं होतं. तेव्हा कुशल विचारायचं तोंड मला उरलेलं नाही, तरी विचारतो.

आता मुद्दा. मुद्दा असा की गेल्या महिन्यात मी आपल्याला अकरा वेळा कोयत्याने आडवं केलं, पायाला धरून फरफटत नेलं आणि विहिरीत टाकलं. त्यांपैकी निदान आठ वेळा मी हसत होतो. जगात जावयांनी सासऱ्यांचे अपराध पुष्कळ केले असतील, पण रोज पाचच्या ठोक्याला, इतक्या नियमाने, कोणी केले असतील असं वाटत नाही.

आपण त्या खेळात अकरा दिवस काढलेत, तरी त्याची पूर्वपीठिका आपल्याला कोणी सांगितली नसणार, म्हणून सांगतो. (सफाई देत नाही. सफाई देण्यासारखं काही नाहीच.) हा भुताचा खेळ निघून बारा वर्षं झाली. एक पडका दवाखाना, मागे विहीर, एक जण भूत आणि चौघे जीव वाचवून पळणारे. चौघांनी तीन जनरेटर सुरू करून फाटक उघडायचं, भुताने त्यांना एकेक करून विहिरीत टाकायचं. पाच माणसं असल्याशिवाय खेळ सुरूच होत नाही. एके काळी बटण दाबलं की चहात साखर विरघळायच्या आत पाच जण जमायचे. मग नवे खेळ आले, लोक पांगले. बनवणाऱ्या कंपनीनेही याच्याकडे पाठ फिरवली. आता बटण दाबलं की पडद्यावर ‘सामना शोधत आहे’ एवढी अक्षरं येतात आणि एक चाक फिरत राहतं. मी ते चाक एकदा पन्नास मिनिटं बघितलं आहे. आमच्या एक्स-रे विभागाबाहेर लोक ज्या चेहऱ्याने बाकावर बसतात, तसा चेहरा माझा झाला होता, असं आपली मुलगी म्हणते.

या चाकापायी आम्ही उरलेले लोक एकमेकांना धरून राहिलो. एक बेकरीवाल्या बाई (पहाटे भट्टी पेटवतात, त्यामुळे त्यांना संध्याकाळी सातच्या पुढे चालत नाही), एक भूगोलाचे मास्तर, एक दातांचे डॉक्टर आणि मी. वेळ ठरलेली, पाच ते सात. पाचवे एक विमा एजंट होते. त्यांना जुळी झाली आणि ते आम्हाला कायमचे अंतरले. तेव्हापासून आम्ही चौघे रोज पाच वाजता, आपापल्या घरी माइक लावून, खेळाच्या लॉबीत (म्हणजे पडद्यावरच्या प्रतीक्षागृहात) जमायचो, चाक बघायचो, दाढा, नकाशे आणि पाव यांच्यावर बोलायचो आणि सातला उठायचो. खेळ नाहीच. सात महिने असे गेले. मधे मी एक अचाट उपाय केला. आपल्या मुलीच्या जुन्या लॅपटॉपवर तोच खेळ घातला आणि डाव्या हाताने एक, उजव्या हाताने एक असे दोन खेळाडू चालवून पाहिले. पहिल्याच मिनिटाला माझ्या उजव्या हाताने माझ्याच डाव्या हाताला विहिरीत टाकलं. तो नाद मी सोडला, पण खेळ त्या लॅपटॉपवर तसाच राहिला. पुढे आपलं ऑपरेशन ठरलं, मुलगी आपल्याकडे आली, येताना तो लॅपटॉप घेऊन आली, आणि पाय स्टुलावर ठेवून दिवस जात नाही म्हणून तिने तो आपल्या मांडीवर दिला. हे सगळं मला आज आरशासारखं स्वच्छ दिसतं. त्या वेळी मला एवढंच दिसलं की चाक थांबलं, आणि पाचव्या जागेवर ‘पाहुणा’ असं नाव आलं.

बाबा, त्या क्षणाचा आनंद मी आपल्याला सांगू शकत नाही, आणि आता सांगणं बरंही दिसणार नाही. बेकरीवाल्या बाईंनी टाळ्या वाजवल्या. नवा माणूस आला की त्याला पहिले पंधरा दिवस मारायचं नाही, तो घाबरून पळता कामा नये, हा आमचा नियम आहे. तो मीच केला होता. आणि भूत व्हायची पाळी खरं तर मास्तरांची होती. ती मी मागून घेतली, आणि पुढे अकराही दिवस सोडली नाही. मग काय झालं ते आपण जाणताच. बाकीचे तिघे जिवाच्या आकांताने पळत होते आणि पाहुणा मात्र सावकाश चालत, वाटेतलं प्रत्येक दार मागे नीट लावत, थेट तळमजल्यावरच्या लिफ्टपाशी गेला आणि जाळीचा दरवाजा न्याहाळत उभा राहिला. ती लिफ्ट चालत नाही, बाबा. ती नुसती शोभेची आहे. आपण तिच्या तारा बघत होतात, हे मला आता कळतं. सात महिने उपाशी राहिलेलं भूत समोर पाठमोरं सावज बघून काय करणार? मी नियम मोडला. दुसऱ्या दिवशी पाहुणा पुन्हा आला, पुन्हा लिफ्टपाशी गेला. तिसऱ्या दिवशी तेच. मास्तर म्हणाले की चिकाटीचा माणूस दिसतो. मी म्हणालो की चिकाटीचा कसला, बिनडोक आहे. (हा शब्द मी वापरला. लपवत नाही.)

आपल्या छातीचा आणि गुडघ्याचा ऑपरेशनच्या आधीचा एक्स-रे मी स्वतः काढला आहे. आपला डावा गुडघा शंभर गुडघ्यांतून काढून दाखवीन. आणि घरातलं प्रत्येक दार मागे लावणारा, लिफ्ट दिसली की पाय अडणारा, आयुष्याची सदतीस वर्षं लिफ्ट दुरुस्त करण्यात घालवलेला माणूस समोर उभा असताना मला ओळखू आला नाही. आत हाडं बघायची सवय लागली की वरचा माणूस दिसेनासा होतो की काय, कोण जाणे.

इथवर झालं ते निदान अजाणता झालं. पुढचं तसं नाही. पाहुण्याचा माइक बंद असायचा, म्हणून आम्ही धरून चाललो की त्याला ऐकूही येत नसावं. (माइक बंद असला तरी कान उघडे असतात, एवढी साधी गोष्ट चार शिकल्यासवरल्या माणसांच्या डोक्यात आली नाही.) तेव्हा मी सगळ्यांना मोठ्या फुशारकीने सांगितलं की घरी मी इमर्जन्सी ड्युटी लागल्याची थाप मारली आहे. सासऱ्यांकडे गेलो असतो तर तीन आठवडे खेळ बुडाला असता, आणि नेमका आत्ताच पाचवा गडी मिळाला आहे. यावर डॉक्टर हसले. हसणारा मिळाला की माझ्या जिभेला हाड राहत नाही. मग सातव्या की आठव्या दिवशी आपल्याला पायाला धरून ओढत नेताना मी म्हणालो की हा पाहुणा अगदी आमच्या सासऱ्यांसारखा, लिफ्ट दिसली की झालंच. आणि मी आपली नक्कल केली.

ती लिफ्टची गोष्ट. आपण घसा खाकरून, चष्मा कपाळावर चढवून सांगता तशीच. पाऊण तास लिफ्ट चौथ्या आणि पाचव्या मजल्याच्या मध्ये अडकलेली, आत तिघं: एक जाडे वकील, त्यांचा कारकून आणि सारखी घड्याळाकडे बघणारी एक टायपिस्ट मुलगी. आपण एकटे वरून दोर धरून उतरता, छताची झडप उघडता, आत टॉर्च मारता, ‘आणि बघतो तर...’ इथे मी थांबायचो आणि सगळे हसायचे. पुढच्या दिवशी लोक फर्माईश करू लागले. मी चार दिवस आपली गोष्ट सांगितली, आपल्यालाच, आपल्याला विहिरीकडे नेता नेता.

अकराव्या दिवशी मी आपल्याला कठड्यापर्यंत आणलं आणि ‘आणि बघतो तर’ म्हणून थांबलो. तेवढ्यात पाहुण्याच्या नावापुढचा माइक पहिल्यांदा हिरवा झाला. घसा खाकरल्याचा आवाज आला. तो आवाज मी नऊ वर्षं ऐकतो आहे, बाबा. आपण रागावला नाहीत. आपण इतकंच म्हणालात, “जावईबापू, नक्कल छान करता. पण गोष्ट अर्धीच सांगता. पुढचं मी सांगू का?”

यावर कोणत्याही सभ्य माणसाने माफी मागितली असती. मी कंप्यूटरची वायर भिंतीतून उपटली. (कालपर्यंत ती तशीच लोंबत होती.) मग दिवाणखान्याच्या मधोमध कितीतरी वेळ उभा राहिलो. कोणाला भिऊन उभा होतो, ते सांगता येत नाही. भूत तर मीच होतो.

त्याच रात्री आपल्या मुलीचा फोन आला. तिला तोवर काहीच माहीत नव्हतं. बाबा कानाला हेडफोन लावून काहीतरी बघतात आणि खुश असतात, एवढंच तिला वाटायचं. तिने मला शिव्या घातल्या नाहीत. मी विचारलं की अकरा दिवस ते मरायला का येत राहिले, पहिल्या दिवशीच का बोलले नाहीत. ती म्हणाली, “मी पण तेच विचारलं. म्हणाले, फोनवर तो दोन मिनिटं बोलतो आणि ठेवतो. इथे रोज दोन तास आवाज ऐकू येतो.” मग तिने फोन ठेवला. आदळला असता तरी चाललं असतं. तिने सावकाश ठेवला.

बाबा, मला लाज वाटते. याहून मोठा शब्द शोधला, सापडला नाही. सासूबाई गेल्यापासून आपण ती गोष्ट वारंवार सांगू लागलात, हे माझ्या लक्षात आलं होतं. त्याचा उपयोग मी चार माणसांना हसवण्यासाठी केला. आणि ‘बघतो तर’ वर थांबणं हा माझा विनोद नव्हता. मला पुढचं येतच नव्हतं. दर खेपेला नेमकं तिथेच मी ‘वा, वा! चला, पानं वाढली वाटतं’ म्हणून उठायचो. नऊ वर्षांत एकदाही मी पुढे बसलो नाही.

आपण मोठे आहात, पदरात घ्याल, असं लिहायचा प्रघात आहे. मी ते लिहीत नाही. घ्यायचं की नाही ते आपणच ठरवा. गुडघ्याला जपा.

आपला,
विहिरीच्या काठावर उभा असलेला
जावई

ता. क. : काल वायर परत लावून पाच मिनिटांपुरता लॉबीत गेलो. (केवळ माफी मागायला.) तिघेही होते. चाक फिरत होतं. त्यांनी माझा नमस्कार घेतला आणि विचारलं की लिफ्टवाले बाबा कधी येणार. ते येईपर्यंत खेळायचं नाही असं त्यांचं ठरलं आहे. मला काढून टाकणार नाहीत, पण ते माझ्यावरच्या प्रेमापोटी नव्हे. मी गेलो तर पाच होत नाहीत. यापुढे भूत आपण व्हायचं, असाही ठराव झाला आहे. मी लिफ्टपाशी पाठमोरा उभा राहीन.

आणखी एक : मी वायर उपटल्यावर आपण लॉबीतच थांबलात आणि त्या तिघांना गोष्ट शेवटपर्यंत सांगितलीत, हेही काल कळलं. शेवट काय आहे ते मी तिघांनाही विचारलं. हात जोडले. मास्तर म्हणाले, तुमच्या सासऱ्यांची गोष्ट, त्यांनाच विचारा. बेकरीवाल्या बाई म्हणाल्या की त्या दिवशी ऐकून त्यांना रडू आलं. लिफ्टच्या गोष्टीत रडण्यासारखं काय असतं, असं मी विचारलं, तर त्यांनी लिफ्टवाले बाबा कधी येणार हेच पुन्हा विचारलं.

शेवटचं : पाकीट चिकटवलं होतं, ते फोडून हे लिहितो आहे. आपल्या बाहेरच्या खोलीत सासूबाईंचा लग्नाआधीचा फोटो आहे, टाइपरायटरपुढे बसलेल्या. त्यात त्या कॅमेऱ्याकडे बघत नाहीत, मनगटावरच्या घड्याळाकडे बघतात. तर बाबा, ती टायपिस्ट मुलगी... नको. पत्राने कळवू नका, मुलीकडून निरोपही नको. रजा टाकली आहे, शनिवारी सकाळच्या बसने येतो. गोष्ट पहिल्यापासून सांगा, वकिलांपासून. एक्स-रे काढताना रोज शंभर पेशंटना सांगतो तेच त्या वेळी स्वतःला सांगेन: हलू नका, श्वास रोखून धरा. ‘आता सोडा’ हे मात्र आपण म्हणायचं.