माळावरचं दार

फाल्गुन शुद्ध दशमी, शके १८२१

प्रिय सोना,

विधवा बाईला पत्र लिहायचं तर आरंभी 'गंगाभागीरथी' घालावं, असं आमच्या पंतोजींनी शिकवलं होतं. तसं लिहिलं. वाचून पाहिलं तर ते पत्र तुला नसून दुसऱ्याच कुणा म्हातारीला आहे असं वाटलं, म्हणून कागद फाडला. हा दुसरा. तिसरा माझ्याजवळ नाही, तेव्हा आता जे लिहिलं जाईल ते राहील. 'प्रिय' लिहिल्याचा राग आला तर तेवढा एक शब्द सोडून पुढचं वाच.

परवा आपला मालोजी चौक गावच्या बाजारातून आला तो सांगतच आला, की तुझा भाचा पाडवा झाला की तुला मुंबईस नेणार. त्याच्या खोलीवर त्याचं आणि त्याच्या तीन सोबत्यांचं जेवण रांधायला. हे खरं का? ऐकल्यापासून माझं चित्त थाऱ्यावर नाही. खोली वरच्या मजल्यावर असली तर पाणी कोण चढवील? गिरण्यांच्या धुराने तुझा जुना खोकला उठला तर? एखाद्या गल्लीत वाट चुकलीस तर कुणाला विचारशील? तू हे वाचून हसशील. माळावर म्हणायचीस तसंच म्हणशील, "धाकलूच्या बापसा, काळजी कराया तुमाला सरकारानं नेमलंय का वं?" नेमलं नाही, पण मी ते काम बासष्ट वर्षं इमानाने करतो आहे.

मधली दोन महिन्यांची रजा मात्र मला मिळाली होती, आणि तीच सारखी आठवते.

प्लेगच्या त्या पौषात पळसदरी रिकामी करा असा हुकूम आला, तेव्हा लोकांनी चार भांडी आणि घोंगडी उचलून गावाबाहेर माळावर झोपड्या घातल्या. मी जातं नेलं, पाटा नेला, फुटकं घमेलंसुद्धा नेलं. घराला कुलूप घातलं तरी जीव ठिकाणावर येईना. त्यात कुणीतरी उठवलं, की बंद घरांची दारं फोडून जाळतात. माझ्या बापाने स्वतः निवडलेल्या सागाचं ते दार. मी धाकलूला घेऊन गेलो, बिजागऱ्या सोडवल्या, दार गाडीवर घातलं आणि माळावर आणलं. सगळी वस्ती बघायला जमली. मालोजीने गाडीभोवती एक फेरी मारली आणि म्हणाला, "झ्याक केलंस रं आबाजी. आता चोराला ठोकाया काय ऱ्हायलंच नाय. सरळ आत!" तेव्हा कुठे माझ्या ध्यानात आलं, की दार राखण्याच्या नादात मी घर उघडं टाकून आलो आहे. पण कबूल कसं करणार? मी ते दार झोपडीला बसवलं. कारवीच्या कुडाला सागाचं दार! उघडायला ओढलं की झोपडीच पुढे यायची. तरी मी रोज कडी घालून कुलूप लावत असे आणि दोनदा हिसकून बघत असे. तू शेजारच्या झोपडीतून बघायचीस. एके दिवशी मी कुलूप हिसकत असताना तू बाजूच्या कुडातून हात आत घातलास, मूठभर मिरच्या काढल्यास आणि माझ्यापुढे धरल्यास. "कुलूप बराबर लागलंय नव्हं? मंग ह्या कशा आल्या माज्या हातात?" त्या वेळी मला तुझा संताप आला होता. आज ते आठवून एकटाच हसतो.

मुंग्या लागल्या म्हणून बैठक बदलली. ऊनही सरकलं आहे.

पुढे आठवड्याने वाऱ्याची वावटळ आली आणि दाराच्या ओझ्याने झोपडी बसली. आत कुणी नव्हतं. कूड एकीकडे, गवत एकीकडे, आणि दार उताणं पडलेलं. मी डोक्याला हात लावून उभा. तू सूप घेऊन आलीस, दारावर बसलीस, आणि जणू ते त्यासाठीच पाडलं होतं अशी तांदूळ पाखडायला लागलीस. मग माझी सून जिजा येऊन बसली. मग मालोजी. मी म्हणत होतो, उठा, दाराला बाक येईल. कुणी उठेना. तू म्हणालीस, "तुमी पन टेका की वाईच. उबं ऱ्हाऊन ते सरळ व्हतंय का?" मी टेकलो. त्यानंतर झोपडी पुन्हा उभी राहिली ती गोणपाटाच्या पडद्याची. दार मात्र तिथेच राहिलं. दुपारच्याला सगळी वस्ती त्यावर बसायची, कुणी दोर वळी, कुणी वाल सोली.

तुझ्याजवळ होतंच काय, एक मुसळ, एक घोंगडी आणि तांब्याचा हंडा. तो हंडाही चोरीला गेला. तू सकाळभर रडलीस, मला वाटलं आता ही आठ दिवस उठत नाही. तर दुपारी जिजाची कळशी मागून पाण्याला निघालीस. मी विचारलं तर म्हणालीस, "रडून झालं. ज्यानं न्येला त्याच्या बायकोला तरी पानी भराया झाला." मी कित्येक दिवस त्यावर विचार करत होतो. मला वाटत आलं होतं, की ज्याचं काही जात नाही तोच मोकळा असतो. तुझं गेलं होतं, आणि तरी तू मोकळी होतीस.

पुढे तू कोळसा आणून म्हणालीस, "मला माजं नाव लिवाया शिकवा." मी स्वतः तीन वर्षं शाळेत गेलेला, माझी जोडाक्षरं अजून अडखळतात. तरी त्या दारावर मी तुला 'सो' काढून दिला. तू काना असा मारायचीस, की पार कडेच्या बाहेर जायचा. मी ओरडायचो. तू पुसून पुन्हा काढायचीस. असं करत फाल्गुनापर्यंत तू वाचायला लागलीस. त्याच सुमारास एकदा धाकलू कर्जतहून यायला फार उशीर झाला. तो येऊन पुढे उभा राहिला तेव्हा मला कळलं, की आज मी एकदाही रस्त्याकडे पाहायला उठलो नव्हतो. तू 'ळ' गिरवत होतीस आणि मी तो बघत होतो, एवढंच. असं हलकं मला पोरपणीही वाटलं नव्हतं.

हे कुणाला सांगता येत नाही. त्याच माळावरून आपण पाच माणसं मसणात पोहोचवली. तुझ्या शेजारची लहानगी पोशा गेली तेव्हा तिला तूच न्हाऊ घातलंस. लोक मरत होते त्या दिवसांत मला आयुष्यात पहिल्यांदा बरं वाटत होतं, हे पाप का, असं विचारायला मी एकदा भटजींकडे गेलो आणि अंगणातूनच परतलो. तुला विचारतो. तूच सांग.

मग गावात परत आलो. पोशाच्या घराबरोबर तुझ्याही घराची कौलं सरकारी माणसांनी उतरवली होती, आत ऊन जाऊन रोग मरावा म्हणून. पावसाळ्यात भिंती बसल्या आणि तू भावाकडे लोधिवलीला आलीस. निघताना मी फक्त, "रस्त्याने सांभाळून जा," म्हणालो. मला दुसरं काही बोलता येत असतं तर तेव्हाच बोललो असतो. दार पुन्हा जागेवर बसलं आणि मी पुन्हा कडी हिसकून बघू लागलो. आतल्या अंगाला तुझी अक्षरं आहेत. परवा जिजा म्हणाली, "मामंजी, शिमग्याला दार पुसू का?" मी नको म्हटलं. तर ही पोर म्हणते कशी, "मंग ह्या अक्षरांच्या मालकिनीलाच आना की. माजं कांडन तरी हलकं व्हईल." धाकलू उठून गोठ्यात गेला. बऱ्याच वेळाने येऊन म्हणाला, "बा, लोक हसतील." मी म्हटलं, दार नेलं तेव्हाही हसलेच होते. मग तोच हसला.

आता खरं लिहितो. आपल्यात माझ्यासारख्या विधुराचा विधवेशी पाट लागतो, आणि त्याला वयाची अट कुणी घातल्याचं मी ऐकलेलं नाही. सोना, तू माझ्याशी पाट लावशील का? रीतीप्रमाणे मी मालोजीला तुझ्या भावाकडे पाठवायला हवं होतं, पण मग हो की नाही ते तुझा भाऊ म्हणाला असता. मला ते तुझ्याकडून हवं. म्हणून हे पत्र, आणि ते मी घरी बसून लिहिलेलं नाही. पहाटे निघालो, चौकवरून चालत आलो. दुपारपासून तुमच्या खळ्यामागच्या आंब्याखाली बसलो आहे. तू दोनदा विहिरीवर येऊन गेलीस, दुसऱ्यांदा इकडे पाहिलंसही, पण तुझ्या डोळ्यांवर ऊन होतं. अंगणात तुझ्या भावाची नात सागरगोटे खेळते आहे, तिच्या हाती हे देतो. नाही म्हणायचं असेल तर तिच्याकडून तांब्याभर पाणी पाठव. मी पिऊन निघेन आणि तुला कधी दोष देणार नाही. हो असेल तर पाणी तू घेऊन ये. घाई करू नको. एकेक अक्षर लावून, पाहिजे तर दोनदा वाच. मी बसलो आहे.

तुझाच,
आबाजी