थिंबल पायरी उतरत नाही

तीर्थरूप ओटिलीमावशी यांस,

एल्वूडचा वाकून नमस्कार. (पत्रात मी तुम्हाला ‘तुम्ही’ म्हणतो, याला हसू नका. कोरा कागद पुढे आला की मला रविवारचे बूट घातल्यासारखं होतं.) तुमचं खुब्याचं हाड जुळत आलं असेल, भूक लागत असेल आणि रोव्हिनाताईचं हॅलिफॅक्सचं घर उबदार असेल अशी आशा आहे, नव्हे, खात्रीच आहे, कारण फोनवर ताई दुसरं काही सांगतच नाही. इकडे खाडीवर सर्व ठीक. छत गळत नाही. म्हणजे गळतं, पण जुन्याच जागी, आणि तिथे बादली आहे.

तुमच्या दारच्या पायऱ्या आणि तुमचा खुबा यांचं आता जमायचं नाही, म्हणून तुम्ही लेकीकडेच कायमचं राहावं, हे ताईचं म्हणणं मला समजलं. तुम्हीही लिहिलंत, की थिंबल मांजरीचं हे पाचवं पुस्तक झालं की रंगांची पेटी बंद. यावर माझं काहीच म्हणणं नाही. तिथे लिफ्ट आहे. लिफ्ट ही चांगली सोय आहे. मी आठवीत शाळा सोडलेला माणूस, समुद्रातली शेवंडं धरायचे सापळे दुरुस्त करतो, मला इतरांच्या घरगुती बाबतींत बोलायचा अधिकार नाही. हे पत्र फक्त तुम्ही सोपवलेल्या कामाबद्दल आहे.

काम तसं सोपं होतं. शेजारच्या मर्डीनाकाकूंच्या जाळ्यांच्या खोपटातून मांजराचं एक पिल्लू आणायचं, आपलं दार उघडं ठेवायचं, ते कुठे जातं आणि काय करतं ते पाहायचं आणि तुम्हाला कळवायचं, म्हणजे तुम्ही तिथे पडल्या पडल्या चित्रं काढाल. कारण खऱ्या मांजरीनं जे केलं नाही ते पुस्तकातल्या थिंबलनं करायचं नाही, हा तुमचा नियम. पहिली थिंबल खरोखर हेरिंग मासळीच्या पिंपात पडली, तेव्हा कुठे पुस्तकातली पडली. (तो वास मात्र पुस्तकात उतरला नाही, हे लहान मुलांचं नशीब. माझ्या स्वेटरमध्ये तो अजून आहे.) आणि कुठेही भटकली तरी शेवटच्या पानावर थिंबल आपल्या पायांनी घरी येते, हेही ठरलेलं. गावातली सगळी पोरं ते पान आधी उघडून बघतात आणि मग पहिल्यापासून वाचायला घेतात. मीही तसंच करायचो.

तर दुसरी थिंबल आणली. राखाडी आहे, एक पंजा पांढरा, कान तिच्या वयाला मोठे. दार उघडलं. ती उंबऱ्यावर येऊन बसली, कान पुढे केले आणि सगळं बघू लागली: गवत, कुंपणावरचा समुद्रपक्षी, दोरीवर वाळत घातलेले माझे मोजे. आता उठेल, मग उठेल, म्हणून मी पेन्सिलीला टोक काढून बसलो. ती उठली, पहिल्या पायरीकडे पांढरा पंजा खाली केला, तो हवेतच ठेवला, परत घेतला आणि चाटू लागली. दुसऱ्या दिवशी तेच. पायरीवर हेरिंगचा तुकडा ठेवला, तो पक्ष्यानं नेला. काडीला पीस बांधून नाचवलं, तेव्हा रस्त्यावरून जाणाऱ्या टपालवाल्यानं गाडी थांबवून मला विचारलं, बरं वाटतंय ना. उचलून गवतात ठेवणं सोपं होतं, पण मग ते काम तिचं नाही, माझं झालं असतं, आणि नियम तो नियम. ताईला फोनवर सांगितलं तर ती हसत सुटली. ‘‘तुझीच बहीण निघाली की रे! दार सताड उघडं, आणि स्वारी आत!’’ मला वाईट वाटलं, माझ्यासाठी नव्हे, थिंबलसाठी.

मग मी ठरवलं, की तिला करून दाखवावं. तुम्हीच लिहिलं होतंत, मांजराच्या डोळ्यांच्या उंचीवरून बघ. मी पोटावर झोपलो आणि सरपटत निघालो. (जुनी विजार घातली होती, काळजी नसावी.) मावशी, तुमच्या र्‍हुबार्बच्या पानांखालून तुम्ही कधी गेला आहात का? वर सगळं हिरवं छप्पर, आणि ऊन त्यातून गाळून येतं, देठ लाल खांबांसारखे. तिथे एक बेडूक होता, त्यानं माझ्याकडे असं पाहिलं, जणू मी भाडं थकवलं आहे. मधून मधून मी वळून म्हणत होतो, ‘‘बघ थिंबल, काही होत नाही.’’ ती उंबऱ्यावरून बघत होती. मर्डीनाकाकूही त्यांच्या खिडकीतून बघत होत्या, पण ते मला नंतर कळलं.

पुढे कुंपणाशी सापळ्यांची रास. शेवंडाचा सापळा मांजरीला किती मोठा दिसत असेल, याचा अंदाज यावा म्हणून मी त्यात डोकं घातलं. इथे मला एक गोष्ट नोंदवायची आहे. मी असे शेकडो सापळे विणले आहेत. आत जाता यावं आणि बाहेर येता येऊ नये, हीच त्यातली कला, ती मी चार लोकांना शिकवली आहे. तरीही घातलं. बाहेर येईना. कान मध्ये आले.

बेसिलकाका आले, वाकून पाहिलं आणि घराकडे तोंड करून ओरडले, ‘‘मर्डीना, शेवंडं मोजायचं माप आण गं! मोसम संपल्यावर एक सापडलाय!’’

‘‘माप कशाला?’’ काकू एप्रनला हात पुसत आल्या. ‘‘डोक्यात मांस नाही, बघूनच कळतंय. सोडा परत पाण्यात.’’

मी आतून ‘नमस्कार काकू’ म्हणालो. जाळी कापायला बेसिलकाकांना बराच वेळ लागला, कारण ती मीच विणलेली होती. विणकाम पक्कं आहे, असं त्यांनी कापता कापता दोनदा सांगितलं, आणि खरं सांगायचं तर त्या अवस्थेतही मला बरं वाटलं.

पण तेवढा वेळ माझी मान एकाच बाजूला वळत होती, आणि त्या बाजूला आपलं घर होतं. इतक्या खालून मी ते कधीच बघितलं नव्हतं. मावशी, त्या पायऱ्या म्हणजे कडा आहेत कडा! वर, अगदी वर, थिंबल. तिनं पुन्हा तो पांढरा पंजा खाली सोडला. पंजा पुरेना. तिनं तो परत घेतला, आणि मला पहिल्यांदाच दिसलं, की ती चाटत नव्हती, वेळ काढत होती. बाहेर जायची हौस तिला पहिल्या दिवसापासून होती. उतरायला जागा नव्हती. आणि मी तिला पीस दाखवत बसलो होतो!

डोकं सुटल्याबरोबर मी बेसिलकाकांच्या होडीची फळी मागून आणली (ते म्हणाले, ‘‘आता हिच्यात काय अडकवणार आहेस?’’) आणि उंबऱ्यापासून गवतापर्यंत टेकवली. थिंबलनं ती बराच वेळ हुंगली. मग शेपटीचा खांब करून ती खाली आली, आणि त्यानंतर मला बसायला उसंत मिळालेली नाही. र्‍हुबार्ब पाहिला. बेडकानं तिलाही भाड्याबद्दल विचारलं असावं, कारण ती उभी उडाली. माझा एक मोजा दोरीवरून ओढून कुंपणापर्यंत नेला. मर्डीनाकाकूंच्या आंबवत ठेवलेल्या कोबीच्या पिंपावर चढून झाकणाशी हितगुज केलं. हे सगळं मी वेगळ्या कागदावर चित्रांच्या क्रमानं लिहून सोबत जोडलं आहे.

गुरुवारी मात्र दुपारी धुकं आलं, आणि त्यात ती कुठे होती हे मला माहीत नव्हतं. मी धक्क्यापर्यंत पळालो, पुलापलीकडे गेलो, जिकडे मी एरवी कामाशिवाय जात नाही. बेसिलकाका डबा वाजवत एका बाजूला, मर्डीनाकाकू दुसऱ्या बाजूला, आणि त्या अशा आवाजात हाक मारत होत्या, की तो त्यांच्याकडे असेल असं कोणाला वाटलं नसतं: ‘‘ये गं माझी सोनी, ये गं बाई...’’

धुक्यातून बेसिलकाकांचा आवाज आला, ‘‘लग्न झाल्यापासून मला एकदा तरी अशी हाक मारलीस का?’’

‘‘तुम्ही हरवून तर दाखवा आधी!’’

मी रिकाम्या हातानं घरी आलो. आता तुम्हाला काय कळवायचं, याचा विचार करत होतो, आणि फळीवर पाय ठेवणार तोच थांबलो. फळीवर ओली पावलं होती. लहान, एकामागे एक, खालून वर. मधे एका जागी चार जवळ जवळ, तिथे ती बसली असणार, मागे वळून बघितलं असणार. वर तुमच्या खुर्चीत थिंबल झोपली होती, पोटापर्यंत भिजलेली. मी कोट न काढता जमिनीवर बसलो. बेसिलकाकांना सापडल्याचं सांगायला जायचं मी साफ विसरलो; ते डबा वाजवतच राहिले.

तर असं सगळं घडलं. पुस्तक पुरं होण्याइतकं झालं असावं. तुम्ही तिथेच आराम करा, ताईचं ऐका, जिन्याच्या वाटेला जाऊ नका. रोव्हिनाताईला नमस्कार.

तुमचा आज्ञाधारक,
एल्वूड

ता. क. सापळ्याचं ताईला सांगू नका. पत्र तीच वाचून दाखवत असेल तर, ताई, हे अतिशयोक्ती करून लिहिलं आहे.

ता. क. २. शेवटचं पान माझ्या लिहिण्यावरून काढू नका. ओल्या पावलांचं नीट लिहायला शब्द शोधेपर्यंत ती वाळून गेली. नियमाप्रमाणे हे कोणीतरी स्वतः बघितलेलं बरं. धुकं इथे हवं तेवढं आहे, आणि थिंबल रोज फिरून येते.

ता. क. ३. होडीची फळी परत केली. तिच्या जागी मी दुसरी बसवली आहे, चढ अगदी हळू, पार फाटकापासून, दोन्ही बाजूंना हाताला येईल असा कठडा, आणि घसरू नये म्हणून वर जुनी जाळी ठोकली आहे. मर्डीनाकाकू त्यांच्या आईचा वॉकर माळ्यावरून काढून तीनदा वर-खाली जाऊन आल्या. त्या म्हणाल्या, ‘‘तिला म्हणावं, तिच्यासाठी कोबीचं पिंप उघडायचं मी थांबवलंय.’’

ता. क. ४. मावशी, फळी दाराएवढी रुंद केली आहे. मांजरीला एवढी लागत नाही. तू ये.