जहाज कधी सुटणार

तारावा, मंगळवार

आई,

तुला, आणि मानेआबाच्या, आपल्या गावच्या सभाघराच्या, छपराखाली रेडिओला कान लावून बसणाऱ्या आपल्या सगळ्या वडीलधाऱ्यांना, तुम्ही निवडून दिलेल्या इओतेबाचा नमस्कार.

काल मी इथे राजधानीत, संसदेत पहिल्यांदा बोललो. इतकी वर्षं वकिली केली, तरी बोलायला उठताना अवघडलो. आपल्याकडे मोठ्यांसमोर बसून बोलायचं, आणि इथे सगळ्या बेटांचे म्हातारे समोर असताना उभं राहायचं. पण जहाजाचा विषय निघाला आणि माझ्यातला वकील जागा झाला.

मी मंत्र्यांना विचारलं, "आमच्या ओनोतोआ बेटाला जहाज कधी सुटणार?"

"लवकरच."

"लवकर म्हणजे कुठल्या वारी? वार सांगा."

सभापती म्हणाले, "अरे बाबा, हे कोर्ट नाही. मंत्री तुझे आरोपी नाहीत." सगळे हसले, मंत्रीही हसले, आणि हसता हसता बोलून गेले, "शुक्रवारी." आई, मला तिथेच नाचावंसं वाटलं.

माझं जेवणखाण वेळेवर होतं. तू दिलेली माडीची काकवी मात्र संपली. तुझे डोळे कसे आहेत? पत्र ताईच वाचून दाखवते ना? इथल्या डॉक्टरांशी बोलून ठेवलंय. ऑपरेशनला घाबरू नकोस, येणाऱ्या जहाजानेच इकडे ये.

मंत्र्यांच्या नुसत्या शब्दावर मी विसंबत नाही, वकिलाला पुरावा लागतो. म्हणून हे पत्र त्याच जहाजावर देतोय.

आता ताई, तू कागद मिट. आई, तू चटई गुंडाळ. जहाज आलंय.

तुझा,
इओतेबा