हॅरॉल्डची खिडकी

हॅरो, ४ मार्च १९७४

प्रिय विनी,

पार्सल पोचलं. आलुबुखाराच्या मुरंब्याच्या दोन बरण्या, लोकरीचे मोजे आणि तुझं चार पानी पत्र. टपालाला बेचाळीस पेन्स घातलेस, तेवढ्यात इथे दोन्ही बरण्या आल्या असत्या. मुरंबा ईस्टरलाच उघडेन. उपवासात साखर सोडली आहे.

तू लिहितेस, जावयाने टीव्ही आणलाय, आता अर्नेस्टची विनोदी मालिका घरीच बघणार. तेव्हापासून माझं मन थाऱ्यावर नाही.

अर्नेस्टला तीन वर्षं काही सुचत नाही गं. सकाळी टाय बांधून मागच्या खोलीत जातो आणि जेवायच्या वेळी कोरा कागद घेऊन बाहेर येतो. नवऱ्याचं लिहिलेलं टाइप करायचं काम माझं. एकदा पान भरेना, म्हणून मी तुझ्या पत्रातलं कुंपणाचं भांडण घातलं. तो म्हणाला, "इडिथ, हे कुठून आणलंस? सोनं आहे." त्यानंतर तुझं पत्र आलं की हा दारातच हात पुढे करतो, "काय म्हणते आपली खाण?" लोक जिला हसतात ती चिडकी मिसेस क्लेग तूच आहेस, विनी. अर्नेस्टचं नाव शेवटी दोन सेकंद दिसतं, कुणी वाचतही नाही, पण घर त्यावरच चालतं. थांबतो म्हटलं की कंपनी आणखी सात भाग मागते.

येत्या गुरुवारच्या भागात तुझा हॅरॉल्ड आहे. त्याची शवपेटी जिन्याच्या वळणावर अडली, खिडकीतून काढावी लागली, आणि तू त्या माणसांना म्हणालीस, "सांभाळून, पडदे कालच धुतलेत. ह्यांना चालायचं नाही." ते पत्र वाचून मी रडले होते. मग तेच टाइप केलं. चित्रीकरणाला मला प्रेक्षकांच्या तिसऱ्या रांगेत बसवतात. मी आधी हसायचं, म्हणजे बाकीचे हसतात. मी हसले. प्रेक्षक इतके हसले की नटांना थांबावं लागलं. रोज गुडघे टेकते, पण हे देवापुढेही धड बोलता येत नाही.

गुरुवारी टीव्ही लावायच्या आधी तुला माझ्याकडूनच कळावं म्हणून हे लिहिलं. क्षमा करशील की नाही, तेवढं उलट टपाली कळव. पोस्टकार्डावर एकच शब्द लिही, जास्त काही लिहू नकोस. अर्नेस्ट दारातच उभा असतो, आणि सात भाग अजून कोरे आहेत.

तुझीच,
इडिथ