बिननावाची घागर

वडनेर, अखाजी (अक्षय तृतीया), १९५६

माणिकच्या बाबांना नलूचा नमस्कार,

हे पत्र तुमच्यापर्यंत नेईल अशी डाक नाई, तरी लिहून राह्यली. शाळेत बसून बनवलेली ती काळाची वाट दाखवणारी सुई घेऊन तुमी काळात मागं, वारलेल्या वडलांच्या शेवटच्या दिवसात गेले. जाताना म्हणाले, "जी दरसाल त्याच जागी होते, तीच गोष्ट सुईले दुरून दिसते. अखाजीले माह्या बाबांची घागर तुळशीपाशीच भरजो. ती पाहून मी परत येईन."

घागरीची जागा मी कधी बदलू देली नाई. पण आज तुमच्या आईनं तिच्याजवळ दुसरी मांडली, तुमच्यासाठी.

"मेलेल्याची घागर जित्या माणसाले काऊन?" मी भांडली.

"तहान जित्यालेबी लागते, बाई."

नाव घेऊन घागर भरली, की तो माणूस मेलेल्यात जमा. नाव आईच्या तोंडून निघेना. म्हणे, "तूच घे."

"बायको नवऱ्याचं नाव घेते का?" मी म्हटलं.

आईनं माह्याकडे पाह्यलं, डोळे पुसले अन् नाव न घेताच पाणी ओतलं.

ती घागर बिननावाची हाय. आल्यावर तीच उचलजा.

नलू