कोरडे डोळे

दुखवट्याचा चौथा दिवस

चि. धाकटीस,
अनेक आशीर्वाद.

इकडे पुन्हा दुखवटा उतरलाय. गुरुवारी एका कोटाला अस्तर लावत होते आणि एकदम रडू फुटलं. खिडकीतून पाहते तर समोरचा न्हावी वस्तरा धरून रडतोय आणि गिऱ्हाईक अर्ध्या दाढीनं. इथल्या मातीत कुणीतरी मेलं आणि महिना झाला तरी त्याच्या घरचं कुणी रडलं नाही की ते रडणं गावावर येतं, हे तुला ठाऊकच आहे. घरचं माणूस सापडून रडेपर्यंत आमची सुटका नाही.

पण पत्राचं कारण वेगळं. वाचून फाडून टाक, आईच्या हाती पडू देऊ नकोस. अख्खं गाव रडतंय आणि ह्यांच्या डोळ्यांत टिपूस नाही. सुतारखान्यात खाली मान घालून रंधा मारत बसतात. पंच घरोघर डोळे तपासत फिरताहेत. कोरड्या डोळ्यांचा माणूस मेलेल्याला ओळखत असतो म्हणतात, आणि इथे ओळखणारा म्हणजे मारणारा असंच धरतात. काल पंच दारात आले तेव्हा मी ह्यांच्या डोळ्यांना कांदा लावला. का लावतेस म्हणून ह्यांनी विचारलंही नाही. मनात काही नसतं तर विचारलं असतं ना गं?

दीडेक महिन्यापूर्वी सुतारखान्याची मागची खोली नऊ दिवस कुलूपबंद होती. वाळवीचं औषध मारलंय म्हणाले. त्याच दिवसांत डबा दुप्पट मागायचे. वाळवी भलतीच खादाड दिसते म्हणून मी थट्टा केली, तर हसले नाहीत.

तुझ्या तब्येतीचं कळव.
तुझी ताई

दुखवट्याचा आठवा दिवस

ती. सौ. ताईस,
सा. न. वि. वि.

पत्र फाडलं. भाऊजी झुरळाला कागदावर घेऊन अंगणात सोडतात, ते माणूस मारतील? एवढी वर्षं संसार करून तू त्यांच्या डब्यातल्या पोळ्या मोजतेस म्हणजे कमाल आहे.

पण तुझ्यापासून एक गोष्ट लपवली होती. त्याच सुमारास भाऊजींचं मला पत्र आलं होतं. आई अजून बाबांचं नाव काढते का, एवढंच विचारलं होतं, आणि तुला सांगू नकोस म्हणून बजावलं होतं. मी कळवलं की बाबा आम्हांला टाकून गेले त्याला बावीस वर्षं झाली, घरात त्यांचा विषय निघत नाही. तेव्हा नवल वाटलं होतं. आता भीती वाटते. ताई, आडून आडून नको, त्यांना सरळ विचार.

शाळेत मुलांच्या परीक्षा आहेत, म्हणून घाईत.
तुझी धाकटी

दुखवट्याचा तेरावा दिवस

चि. धाकटीस,
अनेक आशीर्वाद.

विचारलं. मागच्या खोलीत बाबा होते.

आजारी होऊन आले होते. पोरींना एकदा बघायचंय, पण त्यांना कळू द्यायचं नाही, अशी ह्यांना शपथ घातली. मी दोरा आणायला त्या गल्लीतून जायचे तेव्हा बाबा फटीतून बघायचे म्हणे. नवव्या दिवशी गेले. ह्यांनी एकट्यानं पेटी केली, एकट्यानं पुरलं, आणि तिथेच बसून पोटभर रडून घेतलं. आता ह्यांच्याजवळ रडायला काही उरलं नाही. जावयाचं रडणं पुरेल असं ह्यांना वाटलं होतं.

मी तिथे गेले. गावाबरोबर दहा-बारा दिवस रडले होते, पण ते गावाचं रडणं; त्या मातीपाशी माझा असा एक थेंब येईना. इतकी वर्षं कुठे होतात, एवढंच तोंडात येत होतं.

परत आले तर घर उघडं. पंचांतल्या म्हाताऱ्याला ह्यांच्या रुमालाला कांद्याचा वास आला, आणि ह्यांना घेऊन गेले. मी जाऊन सगळं सांगितलं. ते म्हणतात, खरं असेल तर मुलीनं रडून दुखवटा उठवून दाखवावा. मी नाही रडू शकले गं. आता तूच काहीतरी कर.

ताई

दुखवट्याचा अठरावा दिवस

ती. सौ. ताईस,
सा. न. वि. वि.

मी खूप प्रयत्न केला. पण बाबा गेले तेव्हा मी चार वर्षांची, मला त्यांचा चेहराही आठवत नाही. शेवटी तुझं पत्र आज सकाळी आईपुढे ठेवलं.

तिनं दोनदा वाचलं. मग सांगितलं की ते आपणहून गेलेच नव्हते. कुणीतरी कान भरले म्हणून तिनंच संशय घेतला आणि दार लावलं. संशय खोटा होता हे तिला पुढच्याच वर्षी कळलं, पण आपल्याला सांगायची हिंमत झाली नाही. मग विचारलं, त्या नऊ दिवसांत ते जेवत होते का. डबा दुप्पट जायचा, असं मी सांगितलं. तशी ती भिंतीला टेकून खाली बसली आणि रडायला लागली. अजून रडतेच आहे. मी जवळ आहे.

भाऊजींचं लगेच कळव.
धाकटी

दुखवटा उठल्याचा तिसरा दिवस

चि. धाकटीस,
अनेक आशीर्वाद.

परवा सकाळी गावाचं रडणं थांबलं. पंचांनी दुपारी ह्यांना सोडलं. घरी येऊन हात-पाय धुतले, जेवले. मी कांद्याबद्दल माफी मागितली. डोळे फार झोंबले होते, एवढंच म्हणाले.

बाजार उघडलाय, लोक एकमेकांना हसून हाका मारताहेत. मी मात्र कालपासून सुईत दोरा ओवू शकलेले नाही, दिसतच नाही काही. हे शेजारी बसून ओवून देतात, आणि माझे डोळे कोरडे होईपर्यंत वाट बघतात.

आईला घेऊन ये. मी तिला काही विचारणार नाही.
तुम्हां दोघींची वाट बघणारी,
ताई