गाळलेली दोन वर्षं

सर, मी तुमच्यावर रागावलोय. तुम्ही गेलात तेव्हा आपला जिल्हा उस्मानाबाद होता, आता धाराशिव आहे, म्हणजे हा राग किती जुना ते बघा. पण तो काही शिळा झालेला नाही. यंदा तुमचा तो आयरिश नाटककार पुन्हा अभ्यासक्रमाला लागलाय आणि लोहाऱ्याच्या कॉलेजात तो शिकवायचं माझ्या वाट्याला आलंय. गेल्या आठवड्यात लेखकाचा परिचय सांगायला उभा राहिलो, तर तोंडातून तुमचंच बोलणं बाहेर पडायला लागलं. बाप डब्लिनचा नावाजलेला डॉक्टर, आई कविता करणारी, आणि हा बोलायला लागला की अख्खं लंडन पोट धरून हसायचं. पुढं काही अडचणींमुळं पॅरिसला गेला आणि आजारानं वारला. एवढं सांगून तुम्ही खडू ठेवायचात आणि हात झटकायचात. मी त्या अडचणींपाशी अडलो आणि तिथूनच हा राग पुन्हा वर आला.

येडशीच्या तुमच्या घरी तालीम स्वयंपाकघरातच व्हायची, कारण बाहेरच्या खोलीत पुस्तकं आणि ज्वारीची पोती. त्याचं नाटक तुम्ही आपल्या बोलीत आणलं होतं. लंडनच्या बाईसाहेबांची तुम्ही पाटलीणबाई केलीत, नोकराचा सालगडी केलात, आणि तरी एकही विनोद वाया गेला नाही. ती अक्कल तुमची होती, हे मी रागातही कबूल करतो. गॅदरिंगच्या नाटकात मुली उतरत नसत, म्हणून पाटलीणबाई मी. काकू चुलीपुढून उठून मला त्यांचं हिरवं लुगडं नेसवतात, निऱ्या सारख्या करतात आणि म्हणतात, "लई शोभतंय बगा ह्याला." तुम्ही पुस्तकातून मान वर न काढता म्हणता, "शोभायचं राहू दे, शब्द नीट फेक म्हणावं." अशाच एका रविवारी भाकरी खाताना मी तुम्हाला विचारलं होतं.

"सर, येवढा हसवणारा माणूस, मग घरदार सोडून लांब जाऊन का मेला?"

"आजारानं."

"पण बायकापोरं होती न्हवं त्याला?"

काकू तव्यावरची भाकरी उलटत म्हणाल्या, "सांगून टाका की एकदाचं. लेकरू इचारतंय."

"तू भाकरी बघ," तुम्ही म्हणालात. "झाकली मूठ सव्वा लाखाची."

म्हणजे तुम्हाला माहीत होतं. काकूंनाही माहीत होतं. त्या घरात माहीत नव्हतं ते फक्त मला, आणि गरज होती ती फक्त मलाच.

मग येरमाळा. आपलं नाटक गाजलं म्हणून तिथल्या लोकांनी बोलावलं होतं. विजेचा भरवसा नव्हता, म्हणून प्रयोग दिवसाउजेडीच झाला. लोक हसून हसून गार झाले. टेम्पो यायला वेळ होता आणि मी लुगड्यातच, कपाळाला ठसठशीत कुंकू, देवीच्या वाटेवर उभा होतो. एक म्हातारी येडाईची ओटी भरायला निघालेली. माझ्यापुढं थांबली, मला कुणाची तरी सून समजली, आणि आधी लेकीबाळीची भरावी म्हणून तिनं खण, तांदूळ आणि नारळ माझ्यापुढं धरला. मी पदर पसरला. का पसरला ते मला तेव्हा सांगता आलं नसतं. बाकीची पोरं फिदीफिदी हसायला लागली. "आजी, गडी हाय त्यो," एकजण ओरडला. म्हातारीनं मला खालपासून वरपर्यंत न्याहाळलं. "असंल," ती म्हणाली. "भरल्याली वटी परत घेत न्हाईत." आणि ती दुसरा नारळ घ्यायला दुकानाकडं वळली. तेवढ्यात तुम्ही आलात.

"नाटक संपलं न्हवं? मग सोड ते लुगडं."

"सोडतो की, सर."

"आत्ता सोड. आन् तो नारळ आन इकडं."

नारळ तुम्ही टेम्पोवाल्याला देऊन टाकलात. पुढच्या गॅदरिंगला पाटलीणबाई दुसऱ्याला दिलीत आणि मला पडदा ओढायला ठेवलंत. मला बाई व्हायचं नव्हतं, सर. मला वर्गातला एक मुलगा आवडायचा आणि वाटायचं, अख्ख्या दुनियेत हा रोग माझ्या एकट्यालाच जडलाय. त्या दिवशी त्या म्हातारीनं माझ्याकडं नीट बघितलं आणि तरी ती हसली नाही, एवढंच काय ते मला हवं होतं. तुमच्या घरून परतताना येडशीच्या फलाटावर मी रुळांकडं कसा बघत उभा राहायचो, ते तुम्हाला कधी कळलं नाही.

तुमचा नाटककार मला पुरा भेटला तो सोलापूरला, एम.ए.ला असताना, लायब्ररीत. पुरुषावर प्रेम केलं म्हणून दोन वर्षं सक्तमजुरी. नाटकं गर्दीत चालू होती, म्हणून थिएटरवाल्यांनी ती तशीच चालू ठेवली आणि पाट्यांवरचं त्याचं नाव तेवढं झाकून टाकलं. बायकोनं पोरांचं आडनाव बदललं. मी पुस्तक मिटलं आणि तिथंच रडलो. आधी त्याच्यासाठी, मग माझ्यासाठी, आणि मग तुमचा असा संताप आला की ते पुस्तक टेबलावर आपटलं. थिएटरवाल्यांनी नाव झाकलं आणि विनोद विकले. तुम्ही नाव मिरवलंत आणि माणूस झाकलात. तुमच्यात आणि त्यांच्यात फरक काय? एका वाक्याचं काम होतं. तुमच्या दहाव्याला काकू म्हणाल्या, "त्यांनी तुला जपलं रे. लोकांनी जगू दिलं नसतं तुला." असेल. पण मला जपायचं होतं तर सांगून जपायचं. मूठ तुमची नव्हती, सर. ती माझी होती, आणि तुम्ही ती बाहेरून दाबून धरलीत.

आता काकूही नाहीत. येडशीच्या घरात दुसरं बिऱ्हाड आहे, तेव्हा हे पत्र टाकायचं तरी कुठं? टाकणार नाहीच. फक्त त्या दिवशी वर्गात पुढं काय झालं ते सांगायचं राहिलंय. अडलो आणि मग सगळं सांगितलं. कोर्ट, तुरुंग, झाकलेलं नाव, पॅरिसची ती कळकट खोली. हेही सांगितलं की आपल्याकडं आता यासाठी कुणाला तुरुंगात घालत नाहीत. मागच्या बाकांवर जरा खसखस पिकली आणि आपोआप विरली. पुढच्या बाकावरच्या एका मुलीनं वही मिटली आणि विचारलं, "सर, आमाला ह्ये कुणीच सांगितलं न्हाई. तुमाला कुणी सांगितलं?"

एवढा राग घेऊन उभा होतो, सर. आणि मी म्हणालो, "आमच्या सरांनी."